पोरगं न विचारता गाडी घेऊन गेलं, तर बापाला 3 वर्षं का?

चाटीगल्लीकर: शेजारच्या घरात घडलेलं सांगतो. दहावीतला पोरगा दुपारी सगळे झोपलेले बघून स्कूटर घेऊन निघाला आणि सात रस्ता चौकात पोलिसांनी अडवला. गाडी बापाच्या नावावर, म्हणून गुन्हा बापावर. मोटार वाहन कायद्यात 2019 च्या दुरुस्तीनं कलम 199अ आलंय. अल्पवयीन पोरानं गुन्हा केला की पालकाला किंवा मालकाला 3 वर्षांपर्यंत कैद, वर 25,000 दंड. गाडीची नोंदणी 12 महिने रद्द आणि पोराला वयाच्या 25 पर्यंत लायसन्स नाही. त्याच कायद्यात 197 आहे, मालकाच्या परवानगीशिवाय गाडी नेणाऱ्यासाठी. त्याला 3 महिन्यांपर्यंत कैद किंवा 5,000 दंड, किंवा दोन्ही. म्हणजे नेणाऱ्याला 3 महिने आणि ज्याची नेली त्याला 3 वर्षं? कारखान्यात दिवसभर यंत्रमागावर उभा राहणारा माणूस पोरावर पहारा कधी देणार?

जुळे सोलापूर: "न विचारता" हे पकडल्यावरच आठवतं. संध्याकाळी क्लास सुटायच्या वेळी कुठल्याही क्लाससमोर उभं राहून बघा. ट्रिपल सीट, दप्तरं पाय ठेवायच्या जागेत कोंबलेली, हेल्मेट एकाच्याही डोक्यावर नाही. गाड्या रोज त्याच, पोरं रोज तीच. पेट्रोलला पैसे कोण देतं?

वकीलताई: दादा, 199अ तुम्ही अर्धंच सांगितलंत. आपल्याला माहीत नव्हतं किंवा आपण पुरेपूर काळजी घेतली होती, हे पालकानं सिद्ध केलं तर त्याला शिक्षा नाही. आणि 197 घरच्या पोराला लावून बघा. मालकानं परवानगी दिलीच असती असं त्याला रास्तपणे वाटत होतं, हे कोर्टाला पटलं की तो सुटतो. बापाच्या गाडीबद्दल हे म्हणणं कुठल्याही पोराला सोपं आहे. 197 वर भागलं असतं तर जबाबदार कुणीच उरलं नसतं.

चाटीगल्लीकर: ताई, सिद्ध कसं करायचं? संमती होती असं कोर्ट आधीच धरून चालतं. मी झोपलो होतो याला साक्षीदार कोण, बायको? चोराचा गुन्हासुद्धा सरकारला सिद्ध करावा लागतो.

अक्कलकोट रोड: मी दुसऱ्या बाजूनं बोलते. माझ्या दिरांना अशाच एका पोरानं उडवलं. मांडीचं हाड मोडलं, सहा महिने कामावर जाता आलं नाही. चालवणाऱ्याकडं लायसन्स नव्हतं म्हणून विमा कंपनी हात वर करत होती. शेवटी अपघात भरपाईच्या न्यायाधिकरणानं सांगितलं, आधी जखमीला पैसे द्या, मग गाडीमालकाकडून वसूल करा. तेव्हा कुठं त्या घराला कळलं की किल्ली भिंतीवरच्या खिळ्याला अडकवून ठेवणं किती महाग पडतं. त्यांचं वाईट वाटलं, पण दिरांचा पाय अजून पूर्ण दुमडत नाही. "माहीत नव्हतं" हे मी कसं ऐकून घेऊ?

होटगी रोड: पण पोरांनी जायचं कशानं? सिटी बसचा भरवसा नाही, रिक्षा रोज परवडत नाही. 16 वर्षांच्या पोराला 50 सीसीपर्यंतचं लायसन्स मिळतं, पण तसली गाडी शोरूममध्ये दाखवा बघू.

जुळे सोलापूर: बॅटरीवरची ताशी 25 किलोमीटरची, 250 वॅटपर्यंतची गाडी आहे की. तिला लायसन्स लागत नाही. सायकलही आहे. पण पोराला मोपेड नको, 125 सीसी पाहिजे आणि बापालाही तेच मिरवायचं असतं.

चाटीगल्लीकर: वहिनी, तुमच्या दिरांचं वाचून वाईट वाटलं. किल्ली उघड्यावर ठेवणाऱ्याला दंड करा, माझी हरकत नाही. कैदेला आहे. आणि 25 पर्यंत लायसन्स नाही म्हणजे पार्सल पोचवणं बंद, टेम्पो चालवणं बंद. गरिबाच्या पोराला आपल्या गावात तीच तर कामं मिळतात.

जुळे सोलापूर: 25 च्या अटीवर तुमच्याशी सहमत आहे. कैदेच्या धाकावर नाही. तो काढला तर दंड भरून परत किल्ली हातात देतील.

वकीलताई: शेजाऱ्यांना एक सांगा. लवकर मोकळं व्हायचं म्हणून गुन्हा कबूल करू नका. किल्ली कुठं होती, पोराला आधी कधी अडवलं होतं का, हे सगळं आत्ताच लिहून वकिलाकडं द्या.