मराठी गाण्यांची वेगळी स्ट्रीमिंग सेवा: श्रोते आधी, संग्रह आधी की उत्पन्न आधी?

गोदाकाठ (नाशिक) यांचा प्रश्न

नमस्कार मंडळी.

आम्ही काही मित्र मिळून नाशिकमध्ये ध्वनिमुद्रणाचा एक छोटा स्टुडिओ चालवतो. भजनी मंडळांची भजने, सटाणा-मालेगाव पट्ट्यातील अहिराणी गाणी, शाहिरी, भीमगीते आणि ढोल पथकांचे वादन असे बरेच साहित्य आमच्याकडे मुद्रित झालेले आहे. यातील पुष्कळसे कोणत्याही मोठ्या ॲपवर मिळत नाही, आणि जे मिळते त्यात कधी गायकाचे नाव चुकलेले असते, तर कधी गीतकाराचे नाव मुळातच गाळलेले असते. म्हणून उत्तर महाराष्ट्रातील संगीतासाठी स्वतंत्र स्ट्रीमिंग ॲप काढावे, असा विचार आमच्यात गंभीरपणे चालू आहे.

मात्र हिशेब मांडायला बसलो की एकाच ठिकाणी अडायला होते. श्रोते यावेत तर गाणी भरपूर हवीत, गाणी मिळवायची तर पैसा हवा, आणि पैसा यायचा तर श्रोते हवेत. मोठ्या सेवांनी या चक्राला पहिली गती कोठून दिली आणि ती टिकवली कशी, हे या व्यवहाराशी संबंध असलेल्यांकडून समजून घ्यायचे आहे. दुसरे असे की, एअरटेलचे पाठबळ असलेली विंक म्युझिक ही सेवासुद्धा २०२४ मध्ये बंद करण्याचा निर्णय झाला. मग आमच्यासारख्यांनी या वाटेला जावे का?

हिशेबनीस यांचे उत्तर

मी रॉयल्टीचे हिशेब पाहण्याचे काम करतो, त्यामुळे पैशाच्या बाजूने लिहितो.

स्ट्रीमिंगचा धंदा आणि इतर बहुतेक इंटरनेटवरील धंदे यांत एक मूलभूत फरक आहे, तो आधी नीट लक्षात घ्यावा. साधारणपणे ग्राहक वाढले की दर ग्राहकामागचा खर्च कमी होतो आणि नफा आपोआप सुधारतो. संगीताच्या सेवेत तसे होत नाही, कारण हक्कधारकांना द्यायची रक्कम ठरावीक नसून उत्पन्नाच्या टक्केवारीत असते. स्पॉटिफायच्या बाबतीत संगीतातून येणाऱ्या उत्पन्नाचा सुमारे दोन तृतीयांश भाग हक्कधारकांकडे जातो. श्रोते दुप्पट झाले की ही देणीही जवळजवळ दुप्पट होतात. २००६ मध्ये स्थापन झालेल्या आणि २००८ मध्ये लोकांसाठी खुल्या झालेल्या या कंपनीला पूर्ण वर्षाचा नफा पहिल्यांदा २०२४ मध्ये दिसला, त्याचे मोठे कारण हेच आहे. पॉडकास्ट आणि ध्वनिपुस्तकांकडे तिने मोर्चा वळवला, त्यामागेही खर्चाची ही टक्केवारी मोडण्याची गरज होती. गिमलेट आणि अँकर या पॉडकास्टच्या कंपन्या तिने २०१९ मध्ये विकत घेतल्या.

आता श्रोत्यांकडे येऊ. २०२४ च्या अखेरीस स्पॉटिफायचे महिन्याला ६७.५ कोटी श्रोते होते आणि त्यांपैकी २६.३ कोटी वर्गणी भरणारे होते. त्या वर्षीच्या सुमारे १५.७ अब्ज युरोच्या उत्पन्नापैकी सुमारे १३.८ अब्ज युरो वर्गणीतून आले. म्हणजे जाहिराती ऐकत मोफत गाणी ऐकणारे श्रोते संख्येने अधिक असले तरी त्यांचा पैशातील वाटा अगदी लहान आहे. तरीही त्यांना सांभाळले जाते, कारण वर्गणीदारांपैकी बहुसंख्य आधी मोफत ऐकणारेच असतात. मोफत श्रोता हा उत्पन्नाचा स्रोत नसून उद्याचा वर्गणीदार मिळवण्यासाठी केलेला खर्च आहे, आणि तो खर्च वर्षानुवर्षे सोसण्याइतके भांडवल असेल तरच ही पद्धत चालते.

भारतात हे गणित आणखी अवघड होते, कारण येथे वर्गणी कमी आणि मोफत ऐकण्याची सवय पक्की आहे. स्पॉटिफायने फेब्रुवारी २०१९ मध्ये भारतात प्रवेश केला, तेव्हा महिन्याची वर्गणी ११९ रुपये ठेवावी लागली आणि सोबत एका दिवसाचे, एका आठवड्याचे पॅकही द्यावे लागले. गाना या सेवेने २०२२ मध्ये मोफत ऐकणे बंद करून केवळ वर्गणीवर चालण्याचा मार्ग धरला, आणि पुढच्याच वर्षी ती सेवा रेडिओ मिर्ची चालवणाऱ्या कंपनीकडे गेली. बाइटडान्सची रेसो ही सेवा जानेवारी २०२४ च्या अखेरीस भारतात बंद झाली.

विंकची गोष्ट या सर्वांहून थोडी वेगळी आहे, आणि तुमच्या प्रश्नाचे उत्तर तिच्यातच आहे असे मला वाटते. मोबाइल कंपनी आपल्या ग्राहकाला गाणी देते ती मुख्यतः तो ग्राहक दुसऱ्या कंपनीकडे जाऊ नये म्हणून. एअरटेलने ऑगस्ट २०२४ मध्ये ॲपलशी करार करून आपल्या ग्राहकांना ॲपल म्युझिक देण्याचे जाहीर केले, तेव्हा तोच हेतू स्वतःची सेवा न चालवताही साध्य होऊ लागला. याचा अर्थ विंककडे श्रोते नव्हते असा मुळीच नाही. श्रोते भरपूर होते, परंतु ते सेवेचे स्वतःचे नव्हते. फोनच्या सिमकार्डाबरोबर आले होते. उसन्या श्रोत्यांवर संख्या लवकर वाढते, म्हणून ती खरी वाढ समजू नये, असे मी आग्रहाने सांगेन.

कलम_कायदा यांचे उत्तर

संग्रहाविषयी थोडे सविस्तर लिहितो, कारण नव्या सेवा बहुधा येथेच अडखळतात.

एका गाण्यात किमान दोन निरनिराळे हक्क असतात. शब्द आणि चाल यांचा हक्क गीतकार-संगीतकारांकडून येतो आणि त्याची वसुली बहुतांशी आयपीआरएस ही संस्था करते. प्रत्यक्ष ध्वनिमुद्रणाचा हक्क संगीत कंपनीकडे किंवा ज्याने मुद्रण केले त्याच्याकडे असतो. सेवेला दोन्ही परवानग्या लागतात. रेडिओप्रमाणे कायद्याने ठरवलेल्या दराने सक्तीचा परवाना मिळेल का, हा प्रश्न टिप्स ही संगीत कंपनी विरुद्ध विंक या खटल्यात मुंबई उच्च न्यायालयासमोर आला होता. असा परवाना देणारे कॉपीराइट कायद्याचे कलम ३१ड इंटरनेटवरील स्ट्रीमिंगला लागू होत नाही, असा निर्णय २०१९ मध्ये झाला आणि २०२२ मध्ये खंडपीठाने तो कायम ठेवला. परिणामी सेवेला प्रत्येक मोठ्या कंपनीशी वाटाघाटी करूनच परवाना घ्यावा लागतो, आणि लोकप्रिय संग्रह असलेली कंपनी आगाऊ रक्कम किंवा किमान हमी (गाणी कमी ऐकली गेली तरी द्यावी लागणारी रक्कम) मागू शकते. स्पॉटिफायसारख्या सेवेलाही भारतात सुरुवातीला वॉर्नर या संगीत कंपनीशी न्यायालयात झगडावे लागले, आणि सारेगामा या कंपनीचा जुना संग्रह तिच्याकडे काही काळ नव्हता. सारेगामाशी करार २०२० मध्ये झाला. तेव्हा सर्व मराठी गाणी आमच्याकडे मिळतील, अशी घोषणा करून तुम्ही उतरलात तर पहिले भांडवल हमीच्या रकमांतच संपेल.

याउलट, जे दुसऱ्या कोणाकडे नाही ते तुमच्याकडे आहे. फक्त त्याचे हक्क निर्विवाद आहेत का, हे तपासा. परंपरेने चालत आलेल्या ओवीच्या शब्दांवर कोणाचा हक्क नसला, तरी ती गाणाऱ्या बाईंचा कलाकार म्हणून हक्क असतो आणि तो ५० वर्षे टिकतो. ध्वनिमुद्रणाचा हक्क प्रसिद्धीनंतरच्या वर्षापासून ६० वर्षे असतो, तर शब्दांचा हक्क कवीच्या मृत्यूनंतरच्या वर्षापासून ६० वर्षे. सिन्नर तालुक्यातील देशवंडीचे वामनदादा कर्डक २००४ मध्ये गेले. त्यांच्या रचनांवरील हक्क २०६४ च्या अखेरपर्यंत राहणार आहेत. त्यामुळे तुमच्या स्टुडिओत एखाद्या गायकाने त्यांचे भीमगीत गायले असेल, तर मुद्रण तुमचे असले तरी शब्दांची परवानगी वेगळी घ्यावी लागेल. कॉपीराइट कायद्याच्या २०१२ च्या दुरुस्तीनंतर चित्रपटगृहाबाहेरच्या वापरातून मिळणाऱ्या रॉयल्टीतला गीतकाराचा आणि संगीतकाराचा वाटा त्यांना करारानेही बाहेरच्या कोणाला सोडून देता येत नाही. ही तरतूद मला अत्यंत महत्त्वाची वाटते. खेड्यापाड्यांतील रचनाकारांना तिची माहिती नसते आणि चार कागदांवर त्यांच्या सह्या घेतल्या जातात. तुम्ही तरी तसे करू नये.

पंचवटीचा_साथीदार यांचे उत्तर

मी तबला वाजवतो आणि मित्रमंडळींची गाणी ॲपवर चढवून देतो. वर ज्यांनी लिहिले आहे ते योग्यच आहे. मी फक्त श्रोता गाण्यापर्यंत पोहोचतो कसा, एवढेच लिहितो.

संग्रह कोटींच्या घरात गेला की गाणे असणे आणि गाणे सापडणे यांत मोठे अंतर पडते. स्पॉटिफायने २०१४ मध्ये इको नेस्ट ही संगीताच्या माहितीचे विश्लेषण करणारी कंपनी घेतली आणि २०१५ पासून दर सोमवारी प्रत्येक श्रोत्यासाठी वेगळी यादी देण्यास सुरुवात केली, ती याच कारणासाठी. आपल्यासारखी आवड असलेले इतर लोक काय ऐकतात, गाणे मध्येच कोण सोडते, कोण ते जपून ठेवते, यावरून पुढची शिफारस ठरते. परंतु यंत्रणेला गाण्याची ओळख पटावी लागते, आणि मराठीत अडचण येथेच होते. एकाच गायकाचे नाव रोमन लिपीत तीन प्रकारे लिहिलेले असले की त्याची तीन खाती होतात, त्याचे श्रोते विभागले जातात आणि कोणत्याच खात्याला जोर येत नाही. अहिराणी गाण्यांवर मराठी किंवा हिंदी भाषेचा शिक्का बसतो आणि ती भलत्याच श्रोत्यांपुढे जातात. ते गाणे अर्ध्यात सोडतात, आणि मग हे गाणे लोकांना आवडत नाही असा निष्कर्ष यंत्रणा काढते. नाव, भाषा, गीतकार, वाद्ये, ध्वनिमुद्रणाचा आयएसआरसी क्रमांक (प्रत्येक मुद्रणाचा स्वतंत्र ओळख क्रमांक) ही माहिती भरण्याचे काम कंटाळवाणे आहे, पण एखाद्या गाण्याचे भवितव्य त्यावर ठरते.

दुसरे, आपल्याकडचे ऐकणे सणावारांना बांधलेले आहे. त्र्यंबकेश्वरहून निवृत्तिनाथांची पालखी निघते तेव्हा अभंग, १४ एप्रिलच्या सुमारास भीमगीते, गणपतीत ढोल. नाशिक ढोल तर महाराष्ट्राबाहेरही लोक नावाने शोधतात. गाणे त्या दिवशी चढवून उपयोग होत नाही. काही आठवडे आधी तयार असले पाहिजे, म्हणजे याद्या बनवणाऱ्यांकडे पाठवायला वेळ मिळतो.

आणखी एक व्यावहारिक बाब म्हणजे, स्पॉटिफायवर २०२४ पासून मागील १२ महिन्यांत किमान १००० वेळा ऐकले न गेलेल्या गाण्याला ध्वनिमुद्रणाची रॉयल्टी मिळत नाही. आमच्या भागातील कितीतरी उत्तम गाणी या रेषेखाली राहतात, याचे मला मनापासून दुःख होते.

गोदाकाठ

तिघांचेही आभार. हिशेबनीस यांना एक शंका विचारतो. सिन्नरमधील एखादा श्रोता वर्गणी भरून फक्त अहिराणी गाणी ऐकत असेल, तर त्याचे पैसे अहिराणी गायकांकडेच जातात ना?

हिशेबनीस

बहुतेक सेवांमध्ये तसे होत नाही. देशातील त्या महिन्याचे उत्पन्न एकत्र केले जाते आणि एकूण ऐकण्यात ज्या हक्कधारकाचा जितका वाटा असेल, तितकी रक्कम त्याला मिळते. त्यामुळे तुमच्या सिन्नरच्या श्रोत्याच्या वर्गणीचा मोठा भाग त्याने कधीही न ऐकलेल्या लोकप्रिय हिंदी गाण्यांकडे जातो. प्रत्येक श्रोत्याचे पैसे त्याने ऐकलेल्या कलाकारांतच वाटण्याची पद्धत साउंडक्लाउडने २०२१ मध्ये स्वतंत्र कलाकारांसाठी सुरू केली. मोठ्या सेवेला ही पद्धत स्वीकारायची तर सर्व मोठ्या कंपन्यांची संमती लागते. तुम्हाला ती लागणार नाही. कमी श्रोते, परंतु निष्ठावान श्रोते, अशी तुमची स्थिती असेल तर हीच पद्धत कलाकारांना तुमच्याकडे खेचून आणील. संग्रह वाढवण्यासाठी हमीच्या रकमेपेक्षा हा मार्ग तुम्हाला परवडणारा आहे.

तरीही ॲप आधी काढू नये, असेच माझे मत आहे. गाणी सेवांपर्यंत पोहोचवणाऱ्या वितरकामार्फत हे साहित्य सध्या चालू असलेल्या सेवांवर आणि यूट्यूबवर न्या, कोणती गाणी कोणत्या गावात ऐकली जातात ते वर्षभर पाहा, आणि त्याच काळात थेट पाठिंबा देणाऱ्या सभासदांची नोंद सुरू करा. उत्पन्नाचे इतर मार्गही आहेत: मालिकांना आणि माहितीपटांना परवाना देणे, कार्यक्रम करणे, किंवा निवडक संग्रह एखाद्या यंत्रात भरून विकणे. सारेगामाने २०१७ मध्ये आणलेल्या कारवाँ या यंत्रात आधीच भरलेली ५००० गाणी होती, आणि ते घेणारे बरेच लोक ॲपच्या भानगडीत पडणारे नव्हते. भजन ऐकणारा तुमचा श्रोताही बहुधा असाच असेल.

कलम_कायदा

वितरकाशी किंवा कलाकाराशी करार करण्यापूर्वी एवढे पाहावे. हक्क हस्तांतराच्या करारात मुदत लिहिली नसेल तर कायदा ती ५ वर्षे धरतो, आणि प्रदेश लिहिला नसेल तर केवळ भारत धरतो. दुबईतील किंवा अमेरिकेतील मराठी श्रोत्यांपर्यंत जायचे असेल तर प्रदेश स्पष्ट लिहावा. तसेच, तुमच्या संग्रहात कॅसेटच्या काळातील मुद्रणे असतील तर त्यांचे जुने करार शोधून काढा आणि त्यांत हक्क कोणत्या माध्यमापुरते दिले आहेत ते शब्दशः वाचा. जेथे फक्त कॅसेटचा उल्लेख आहे, तेथे कलाकाराशी किंवा त्याच्या वारसांशी नवा करार करूनच ते गाणे ऑनलाइन न्यावे. कागद सापडतच नसेल तर ते मुद्रण तूर्त बाजूला ठेवा, आणि ज्यांचे गायक व रचनाकार आज हयात आहेत व जवळपास राहतात, त्यांच्यापासून सुरुवात करा.