कॅफे सोसायटी म्हणे कराने बुडाला!

तळघर: काल इथे कुणी लिहिलं की न्यूयॉर्कचा कॅफे सोसायटी हा जॅझ नाइटक्लब करामुळे बंद पडला, बाकी सगळी भावनिक रंगरंगोटी. वाचून झोप उडाली. त्याच शहरातल्या कॉटन क्लबात काळ्यांनी गायचं-नाचायचं आणि गोऱ्यांनी बघायचं, असा तो काळ. 1938 साली बार्नी जोसेफसनने ग्रिनिच व्हिलेजच्या तळघरात दोघांना शेजारी बसवलं. 1947 मध्ये त्याच्या कम्युनिस्ट भावाने, लिऑनने, कम्युनिस्टांची चौकशी करणाऱ्या अमेरिकी संसदेच्या समितीपुढे साक्ष नाकारली. वर्तमानपत्री स्तंभलेखक बार्नीवर तुटून पडले, गिऱ्हाईक आटलं, क्लब विकावा लागला. यात कर कुठे आला?

रात्रपाळी: ते मीच लिहिलं. 1944 मध्ये गाणं-नाच असलेल्या जागांच्या बिलावर 30 टक्के कर लागला, मग 20 वर आला. कुठला मालक टिकेल? माझे गोव्याचे मामा मुंबईत हॉटेलात ट्रम्पेट वाजवायचे. 1949 चा दारूबंदी कायदा आला, त्यांचा बँड मोडला. त्यांच्यामागे कुठलीच समिती लागली नव्हती!

मध्यसप्तक: काळ्या जॅझ गायिकेला, बिली हॉलिडेला विसरलात दोघंही. तिथे ती ‘स्ट्रेंज फ्रूट’ हे काळ्यांच्या झुंडबळींवरचं गाणं गायची तेव्हा वेटर जागीच थांबायचे, दिवे मालवायचे, फक्त तिच्या चेहऱ्यावर झोत. मी पंधरा वर्षं लग्नांत भावगीतं गाते. गेल्या मार्गशीर्षात कडव्याच्या मधोमध माइक ओढून कुणीतरी गाडी काढायची सूचना केली. घरी येऊन रडले.

वरणभात: जेवायला आलेल्यांनी हात जोडून बसायचं का? माझ्या मुलीच्या लग्नात गायिकेने पंगतीला दटावलं. व्याही रुसले ते आजतागायत.

मध्यसप्तक: त्यांच्या रुसण्याचं खापर माझ्या माथी कशाला? नुसता आवाज हवा होता तर रेकॉर्ड लावायची. जिवंत माणूस बोलावलात ना?

वरणभात: पैसे मोजून बोलावलं होतं.

मध्यसप्तक: पैसे गाण्याचे दिलेत, अपमानाचे नाही!

तळघर: पंगत बाजूला ठेवा. रात्रपाळी, कर तर सगळ्याच क्लबांना होता. मग बदनामी याच्याच वाट्याला का?

रात्रपाळी: बरं, एकट्या कराने बुडाला हे मागे घेतो. पण करामुळे तो आधीच खिळखिळा झाला होता, हे सोडणार नाही. आणि मामांनी पुढे सिनेमाच्या वाद्यवृंदात आयुष्य काढलं, नाव कुठेच छापून आलं नाही. त्यांच्यासाठी धागा कोण काढणार?

तळघर: तुम्ही काढा. मी वाचेन.

मध्यसप्तक: मीही. रविवारी पुन्हा लग्नात गायचंय. जेवणाआधीच गाईन, असं यजमानांना आज फोनवर सांगितलं.