दोन हातांत दोन तलवारी म्हणजे नुसती शायनिंग? जरा बसा, हिशोब सांगतो

उंटवाडीचा_फ्युरी
काल आमच्या वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट क्लासिक गेमच्या गिल्डच्या (खेळाडूंच्या गटाच्या) ग्रुपवर एका महाशयांनी फतवा काढला की शनिवारच्या रेडपासून (सगळ्यांनी मिळून बॉस मारायच्या मोहिमेपासून) सगळ्या वॉरियरनी टू-हँडर (दोन्ही हातांनी धरायचं एकच मोठं हत्यार) घ्यायचा, दोन हत्यारं म्हणजे नुसती शायनिंग, निम्मे वार हवेत जातात, त्यापेक्षा एकच घाला पण असा घाला की समोरचा आडवा झाला पाहिजे. खाली अंगठ्यांचा पाऊस. तिथे उत्तर दिलं असतं तर गुड मॉर्निंगच्या गुलाबांखाली गाडलं गेलं असतं म्हणून इथे लिहितोय.

वार हवेत जातात, कोण नाही म्हणतंय? बरोबरीच्या लेव्हलचा शत्रू असेल तर एका हत्याराने मिस ५ टक्के, दुसरं घेतलं की त्यात १९ ची भर, झाले २४. बॉस तीन लेव्हल वरचा, तिथे अजून वाढतं. शिवाय डाव्या हाताचा वार निम्म्या ताकदीचा, तो सुधारणाऱ्या टॅलेंटचे पाचही पॉइंट घातले तरी साडेबासष्ट टक्क्यांवर थांबतो. कागदावर मूर्खपणाच दिसतो. पण ही १९ ची भर फक्त आपोआप पडणाऱ्या पांढऱ्या वारांना आहे हो! ब्लडथर्स्ट, व्हर्लविंड अशा बटण दाबून घालायच्या स्पेशल वारांना ती लागतच नाही. आणि क्लासिकमधला ब्लडथर्स्ट अटॅक पॉवरच्या ४५ टक्क्यांवर चालतो, हातात विळा धरा नाहीतर विस्कागसारखी भारी तलवार, त्याला काही फरक पडत नाही. मग तो ओंडका उचलून काय लोणचं घालायचंय?

आणि खरी गंमत हिरोइक स्ट्राइकची, म्हणजे पुढच्या उजव्या वाराच्या जागी बसणाऱ्या जोरदार वाराची. तो क्यूला (रांगेत) लावला की बसेपर्यंत डाव्या हाताच्या वारावरची ती १९ ची भर गायब. रेज (वार लागले की जमणारी, स्पेशल वारांना लागणारी शक्ती) कमी पडतोय असं दिसलं की उजवा वार पडायच्या आत क्यू काढून टाकायचा. क्रिट (नशिबाने बसणारा जास्त जोराचा वार) बसला की फ्लरी, म्हणजे पुढचे तीन वार ३० टक्के जास्त वेगात, शिवाय दोन्ही हत्यारांवर क्रुसेडरचा ताकद वाढवणारा मंत्र. हे सगळं न बघता 'शायनिंग' म्हणणाऱ्याने स्वतःचे लॉग (लढाईच्या नोंदी) एकदा उघडून बघावेत.

ढाल_आणि_मी
महाशय मीच. नाव घेऊन लिहिलं असतंस तरी चाललं असतं, तेवढा जुना आहे आपला परिचय.

हिशोब मलाही येतो. पण तो तुझ्या गिअरचा (चिलखत-हत्यारांचा) हिशोब आहे. तुझ्याकडे एजमास्टर्स (शस्त्रकौशल्य वाढवणारे हातमोजे) आहेत, प्रत्येक तुकड्यावर हिट (वार न चुकण्याची टक्केवारी) आहे. आपल्याकडे दिवाळीनंतर आलेली पोरं हिरव्या, म्हणजे साध्या गिअरवर दोन हातांत दोन कुऱ्हाडी घेऊन नाचतात आणि रेज नाही म्हणून बॉससमोर नुसती उभी राहतात. फतवा त्यांच्यासाठी होता. आणि क्यू लावायची-काढायची ती कसरत युरोपच्या सर्व्हरवर, नाशिकच्या नेटवर? पिंग (सर्व्हरपर्यंत जाऊन यायचा वेळ) चांगला असला तर दीडशे मिलिसेकंद, आणि आमच्या कॉलनीत पाऊस पडला की केबलवाल्याचा फोनच लागत नाही. तू काढतोस तोवर हिरोइक बसून रेज संपलेला असतो.

उंटवाडीचा_फ्युरी
मग फतव्यात 'नवीन पोरांनी' लिहायचं ना, 'सगळ्या' का लिहिलं? आणि पिंगचं म्हणशील तर स्विंग टायमर (पुढचा वार कधी पडणार ते दाखवणारं घड्याळ) लाव, उजवा वार पडायच्या अर्धा सेकंद आधी काढ. दीडशे पिंगला अर्ध्या सेकंदात बैलगाडी वळते.

आडगावचा_रोग
मला कोणी विचारणार आहे का? माझं पात्र रोग (Rogue, लपून वार करणारा), मला टू-हँडर धरताच येत नाही, रोगला गेमने पर्यायच ठेवलेला नाही. दोन हातांनीच लढायचं, दोन्ही पात्यांना विष लावायचं. आणि आम्ही कधी 'शायनिंग' वगैरे ऐकून घेतलेलं नाही.

पण खरं दुखणं वेगळंय. हे फ्युरीवाले एकाऐवजी दोन तलवारी मागतात. ओनिक्सिया ड्रॅगनकडून विस्काग पडली, २.६ चा स्पीड (दोन वारांमधले सेकंद), सिनिस्टर स्ट्राइक या आमच्या स्पेशल वारासाठी मेन हँडला (उजव्या हाताला) संथ तलवार लागते हे शेंबड्या पोरालाही माहितीये, आणि ती गेली कोणाकडे? एका वॉरियरकडे, आणि त्याने ती घातली डाव्या हातात. डाव्या! मी त्या रात्री हेडफोन काढून टेबलावर ठेवला आणि गॅलरीत जाऊन उभा राहिलो. बायको म्हणाली ऑफिसात काही झालं का. काय सांगणार तिला?

त्यामुळे ढालवाल्या दादांचा फतवा चुकीचा असेल, पण मला आवडला.

कॉलेजरोड_प्रीस्ट
डीपीएसने (नुसता मारा करणाऱ्यांनी) दोन घ्या, चार घ्या, दातात अजून एक धरा, मला फरक पडत नाही. माझा राग त्या टँकवर (बॉसचा मार स्वतःवर घेणाऱ्यावर) आहे जो थ्रेट (बॉसचं लक्ष स्वतःकडे ओढणं) जास्त मिळतो म्हणून ढाल बॅगेत टाकून दोन हत्यारं घेऊन पुढे जातो. बॉसचा क्रशिंग ब्लो दीडपट बसतो हो! ढाल असली की शील्ड ब्लॉकने तो टाळता तरी येतो. वर तुम्ही जितके जास्त वार घालाल तितके बॉस जास्त पॅरी करणार (हत्याराने अडवणार), आणि पॅरी केला की त्याचा पुढचा वार लवकर येतो. म्हणजे मार वाढतो, माझा माना (हील करायची, म्हणजे तुम्हाला बरं करायची शक्ती) संपतो, आणि तुम्ही मेलात की माइकवर पहिला प्रश्न 'हील कुठंय?'

ढाल_आणि_मी
ताई, धन्यवाद. हे फ्रेम करून गिल्डच्या ग्रुपवर लावतो.

उंटवाडीचा_फ्युरी
टँकबद्दल मी अक्षर लिहिलेलं नाही. पण ताई, तुम्ही म्हणता तो टँक नसता तर आम्ही डीपीएसवाले थ्रेट बघत हात बांधून उभे असतो, हेही जरा लिहा.

मनमाड_जंक्शन
काय भो, तुमची गणितं चालू द्या, पण मुळात खऱ्या लढाईत दोन तलवारी घेऊन कोण लढायचं? एका हातात तलवार, दुसऱ्यात ढाल. दोन तलवारी फक्त पिक्चरमध्ये आणि गेममध्ये. गेमवाल्यांनी १९ टक्के जादा मिस ठेवला तेच बरोबर केलं, खरं तर कमीच ठेवला.

पट्टेकर_पंचवटी
आता मात्र बोलावं लागेल. मी लहानपणापासून मर्दानी खेळ शिकतोय. दांडपट्टा हातात धरला आहेस कधी? २०२४ ला सरकारने त्याला राज्यशस्त्र म्हणून जाहीर केलं, ते काय पिक्चर बघून? दोन्ही हातांत पट्टे घेऊन फिरणारा माणूस तू बघितलेला नाहीस एवढंच. आणि पन्हाळ्याला जाऊन बाजीप्रभूंचा पुतळा बघ, दोन्ही हातांत शस्त्रं आहेत. १३ जुलै १६६० ला त्या खिंडीत कोणी मिस टक्केवारी काढत बसलं नव्हतं.

मनमाड_जंक्शन
पुतळा म्हणजे पुरावा? पुतळा शिल्पकार घडवतो, तो काही खिंडीत उभा नव्हता. बाजीप्रभूंबद्दल आदर तुझ्याइतकाच आहे, त्याचा आणि याचा संबंध लावू नको. प्रतापगडावर सय्यद बंडाकडेही पट्टा होता, जिवा महालाने तो हातच उडवला. गेला की हिशोब.

पट्टेकर_पंचवटी
तो हात उडाला कारण समोर जिवा महाला होता, पट्ट्याचा काय दोष त्यात?

पट्टा कसा असतो ते सांगतो, कारण इथे सगळे माउस धरूनच तज्ज्ञ झालेत. मुठीच्या जागी लोखंडी खोबळा, कोपराच्या जवळपर्यंत हात त्यात जातो, आत आडवी मूठ. म्हणजे मनगट वळवताच येत नाही. तलवारीसारखं मनगटातून खेळायला गेलास तर पातं लवून तुझ्याच पोटरीला लागेल. सगळा फिरव खांद्यातून आणि कमरेतून. डावा हात उजव्याच्या मागोमाग त्याच वर्तुळात गेला तरच दोन पट्टे चालतात, पावलाची लय चुकली की पाती एकमेकांवर आपटतात आणि तो खण्ण आवाज आला की वस्ताद लांबूनच शिवी हासडतात. मला डावा हात बसायला कित्येक वर्षं गेली. जमिनीवर ठेवलेलं लिंबू उजव्याने कापतो, डाव्याने अजूनही दहातलं एखादं चुकतं. त्या मानाने तुमचा तो २४ टक्के मिस जास्तच आहे.

मनमाड_जंक्शन
म्हणजे तूच सांगतोयस की डावा हात चुकतो. मी वेगळं काय म्हणत होतो? लिंबू परत वार करत नाही भाऊ. प्रात्यक्षिक वेगळं आणि रण वेगळं.

पट्टेकर_पंचवटी
प्रात्यक्षिक म्हणून हिणवू नको. घेराव पडल्यावर माणसांना लांब ठेवायचं असेल तर पट्ट्यासारखं हत्यार नाही. समोरासमोर एकाशी लढायचं असेल तर दुसऱ्या हातात ढाल बरी, हे मीही म्हणेन. पण ते तू म्हणालास म्हणून नाही.

अंबड_फर्स्ट_शिफ्ट
धागा कुठून कुठे चाललाय. दोन पट्टे, चार पट्टे, ठीक आहे. मला एवढंच सांगा की रेड रात्री साडेअकराला सुरू का होते? युरोपची संध्याकाळ म्हणे. हिवाळ्यात तर साडेबारा. मला सकाळी सातला गेटवर कार्ड पंच करायचं असतं. मी दोन हत्यारं घेऊ का एक, तिसऱ्या बॉसपर्यंत कीबोर्डवर डोकं टेकलेलं असतं.

आडगावचा_रोग
मग सिडनीच्या सर्व्हरवर जा. त्यांचे रात्रीचे आठ म्हणजे आपले दुपारचे अडीच-साडेतीन.

अंबड_फर्स्ट_शिफ्ट
दुपारी अडीचला मी कंपनीत असतो रे शहाण्या. सगळ्यांना वर्क फ्रॉम होम नाहीये.

उंटवाडीचा_फ्युरी
मूळ मुद्द्यावर या. पट्टेकर दादांनी माझीच बाजू मांडली: डावा हात आयता मिळत नाही, कमवावा लागतो. गेममध्ये तो हिट गिअरने कमवायचा, बस.

ढाल_आणि_मी
वा, म्हणजे 'कमवावा लागतो' हे आता तू म्हणतोयस. मी ग्रुपवर तेच सांगितलं तर फतवा आणि तू सांगितलंस तर ज्ञान. चालू दे.

बरं, बदलतो. ज्यांचा स्पेशल वार बॉसवर चुकत नाही इतका हिट आहे, त्यांनी दोन हत्यारं घ्या. बाकीच्यांनी टू-हँडर, तक्रार नको. गिअर मी स्वतः इन्स्पेक्ट करणार, तोंडी सांगितलेलं धरणार नाही. आणि टँकने ढाल काढली तर त्याच्या रिपेअरचे पैसे गिल्ड बँकेतून मिळणार नाहीत.

कॉलेजरोड_प्रीस्ट
शेवटचं वाक्य पिन करा. आणि माझ्या माना पोशनचे पैसे?

आडगावचा_रोग
आणि डाव्या हातातल्या विस्कागचं काय? ते कोणी बोलतच नाही.

उंटवाडीचा_फ्युरी
अरे बाबा, तेव्हा तू रोलच (वाटणीचा फासा) केला नव्हतास! चॅटमध्ये 'पास' लिहून पाणी प्यायला गेला होतास. स्क्रीनशॉट आहे माझ्याकडे, टाकू?

आडगावचा_रोग
टाक.