मदत हवी आहे: वॅगन-आरच्या हँडब्रेकच्या दोन्ही केबल घरी बदलायच्या आहेत

नमस्कार.

माझ्याकडे २०११ सालची पेट्रोलवर चालणारी वॅगन-आर आहे. वडिलांनी ती नवी घेतली होती, गेली सहा वर्षे मी चालवते. आमचे घर रत्नागिरीच्या बाहेर टेकडीच्या उतारावर आहे. गाडी उभी करण्यापुरते जे चिऱ्यांचे अंगण आहे तेही रस्त्याच्या बाजूला उतरते आणि फाटकाखालच्या त्या रस्त्याने सकाळ-संध्याकाळ शाळेची मुले चालत जातात. हँडब्रेक पुरता धरत नाही हे लक्षात आल्यापासून माझ्या जिवाला स्वस्थता नाही. सध्या गाडीचे तोंड चढाकडे ठेवून मी ती पहिल्या गिअरमध्ये उभी करते आणि मागच्या दोन्ही चाकांमागे जांभ्याचे चिरे लावते, पण एवढ्यावर किती दिवस काढायचे?

लक्षणे दोन आहेत आणि ती एकमेकांच्या उलट वाटतात, म्हणून मी गोंधळले आहे. पूर्वी सहाव्या खटक्याला घट्ट होणारा लिव्हर आता अकराव्या खटक्यापर्यंत वर येतो आणि तरीही उतारावर गाडी हळूहळू सरकते. दुसरीकडे, लिव्हर पूर्ण खाली सोडल्यावरही डावे मागचे चाक मोकळे होत नाही; बाजारात जाऊन आले की उजवा ड्रम (मागच्या चाकातला ब्रेकचा गोल डबा) कोमट असतो, तर डाव्याजवळ नुसता हात नेला तरी धग लागते. गेल्या वर्षी एका गॅरेजमध्ये लिव्हरच्या बुडाशी असलेला नट आवळून दिला होता. त्यानंतर दोन महिने बरे गेले, मग लिव्हर पुन्हा वर येऊ लागला, आणि डावे चाक धरून राहण्याचा त्रासही त्यानंतरच सुरू झाला. आता तो नट आट्यांच्या शेवटाला पोहोचला आहे, म्हणजे आणखी आवळायला जागाच उरलेली नाही.

मागच्या रविवारी शेजाऱ्यांच्या सपाट ओट्यावर गाडी नेऊन, पुढच्या चाकांना दोन्ही बाजूंनी ठोकळे लावून आणि मागची बाजू जॅक स्टँडवर ठेवून मी खाली जाऊन पाहिले. लिव्हरला एक समतोलपट्टी आहे आणि तिच्यातून दोन केबल निघून एकेक मागच्या चाकाकडे जाते. उजव्या केबलचे काळे आवरण मागच्या क्लॅम्पजवळ वीतभर फाटले असून आतले तारेचे वेटोळे गंजून लाल झाले आहे. दोन्ही टोके समतोलपट्टीतून सोडवून मी एकेक केबल हाताने ओढून पाहिली. उजवी ओढली जाते, पण टोकाशी तिच्या तारेचे चार-पाच पदर तुटून बाहेर आले आहेत. डावी जेमतेम बोटभर सरकते आणि सोडल्यावर परत जात नाही. यात गाडीचा काही दोष आहे असे मला वाटत नाही. वर्षाला तीन हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस, समुद्राची खारी हवा आणि असे चौदा पावसाळे सोसल्यावर तारेने गंजणे साहजिक आहे.

दोन्ही बाजूंच्या नव्या केबल मी आणल्या आहेत आणि जुन्यांच्या शेजारी धरून त्यांची लांबी व टोके जुळतात हे पाहिले आहे. पुढच्या वर्षी गाडीला पंधरा वर्षे पूर्ण होतील आणि नोंदणीच्या नूतनीकरणासाठी ती तपासणीला न्यावी लागेल. त्याआधी हे काम नीट व्हावे आणि त्यातला प्रत्येक टप्पा मला स्वतःला समजावा, अशी माझी इच्छा आहे. स्कूटरची केबल मी अनेकदा बदलली आहे, गाडीचा ड्रम मात्र कधी उघडलेला नाही. गोटी पान्यांचा संच, नाकाडी पक्कड, दोन जॅक स्टँड आणि टॉर्क रेंच (ठरलेल्या जोराने नट आवळायचा पाना) एवढे सामान हाताशी आहे.

माझ्या अडचणी अशा. केबलचे आवरण ड्रममागच्या बॅकप्लेटमधून आत जाते तिथे तीन पाकळ्यांची स्प्रिंगसारखी क्लिप दिसते. तिची एक पाकळी दाबली की दुसरी उघडते, तर ती कशी सोडवावी? केबल बदलल्यावर नट किती आवळावा, हे कशावरून ठरवावे? दोष केवळ केबलचाच आहे की ड्रमच्या आतही काही बिघडले असेल, हे आधी कसे ओळखावे? आणि एका परिचितांनी सुचवले आहे की नवी केबल घालण्याआधी जुन्या केबलमध्ये इंजिन ऑइल सोडून आठवडाभर वाट पाहावी. त्याचा काही उपयोग होईल का?

प्रतिसाद:

ताई, शेवटच्या प्रश्नापासून सुरुवात करतो. तेल सोडू नका. तुटलेले पदर तेलाने जुळत नाहीत, आणि ते तेल केबलमधून ओघळत ड्रममध्ये जाऊन लायनरवर, म्हणजे ड्रमला आतून घासून चाक थांबवणाऱ्या भागावर पसरले, तर हँडब्रेकबरोबर त्या चाकाचा पायाचा ब्रेकही निकामी होईल. दोन्ही केबल एकदमच बदला. एक नवी आणि एक जुनी ठेवली तर ओढ दोन्हीकडे सारखी राहत नाही.

क्लिपसाठी आमच्या गॅरेजमधली युक्ती सांगतो. साधारण १२ मिलिमीटरचा रिंग पाना घ्या आणि त्याची रिंग ड्रमच्या आतल्या बाजूने, केबलच्या टोकावरून सरकवत त्या पाकळ्यांवर दाबा. तिन्ही पाकळ्या एकदम मिटतात आणि केबल मागे ओढली की भोकातून निसटते. पाना थोडा लहान-मोठा लागेल, पण स्क्रूड्रायव्हरने एकेक पाकळी उचकटण्यात तास घालवू नका. त्याआधी आतले टोक लायनरच्या आकड्यातून सोडवावे लागते. त्यासाठी केबलवरची स्प्रिंग पक्कडीने मागे दाबून धरा आणि तारेची गुंडी खोबणीतून खाली काढा.

चाकाच्या मध्यावरची पत्र्याची टोपी काढल्यावर मोठा नट दिसला आणि तो काढल्याशिवाय ड्रम येत नसला, तर तो नट चाक जमिनीवर असतानाच सैल करा, बसवताना नवाच नट वापरा आणि दुरुस्ती पुस्तिकेत दिलेल्या टॉर्कलाच आवळा, कारण चाकाचे बेअरिंग त्या नटावर अवलंबून असते. ड्रम अडला तर त्यावर आट्यांची दोन भोके असतात. त्यांत ८ मिलिमीटरचे बोल्ट आळीपाळीने थोडे थोडे पिळत जा, हातोड्याने कडा फोडू नका. ड्रम निघाल्यावर आतली धूळ फुंकू नका आणि हवेच्या नळीनेही उडवू नका. ब्रेक क्लीनरने ओली करून पुसा आणि तोंडाला मास्क बांधा. ड्रम उघडा असताना घरातल्या कोणालाही ब्रेकच्या पेडलवर पाय ठेवू देऊ नका. व्हील सिलिंडरचे, म्हणजे लायनर ढकलणाऱ्या नळकांड्याचे, पिस्टन बाहेर आले, तर ब्रेक ऑइल गळते आणि काम दुप्पट होते.

प्रतिसाद:

मला आपल्या दोन लक्षणांत विरोध दिसत नाही. माझ्या मते एकातूनच दुसरे निर्माण झाले आहे. ड्रम ब्रेकमध्ये लायनर झिजत जातो तसतशी त्याच्या आणि ड्रमच्या मधली फट वाढू नये म्हणून आत आपोआप जुळवून घेणारी यंत्रणा असते. हँडब्रेक सोडलेला असताना लायनरवरचा केबलचा आकडा पूर्ण मागे येऊन टेकला, तरच ती यंत्रणा नीट चालते. आपली डावी केबल गंजून ओढलेल्या स्थितीतच अडकली असणार. त्यातच नट आवळला गेल्याने आकडा कायम थोडा पुढे राहिला, म्हणून चाक तापू लागले आणि फट भरून काढण्याचे कामही थांबले. उजवीकडे तार तुटत गेल्याने केबल ढिली पडत राहिली. समतोलपट्टी एका बाजूला कलली की ओढ वाया जाते आणि लिव्हर वर वर येतो.

म्हणून क्रम असा ठेवा: आधी ड्रमच्या आतली बाजू, मग केबल, आणि सर्वांत शेवटी लिव्हरचा नट. डावा लायनर सतत घासत होता, तेव्हा त्याची जाडी आणि ड्रमचा पृष्ठभाग जरूर पाहा. लायनर एका बाजूचा संपला असला, तरी दोन्ही बाजूंचे बदलावेत. एका वेळी एकच बाजू उघडा आणि दुसरी बंद ठेवा. स्प्रिंग कुठल्या भोकात होती हे विसरलात, तर दुसऱ्या बाजूचा ड्रम काढून पाहता येते. अर्थात डावी-उजवी बाजू आरशातल्यासारखी उलट असते, हे ध्यानात असू द्या.

नट जुळवण्यापूर्वी नवे लायनर आणि नवी केबल जागेवर बसू द्यावी लागतात. सगळे जोडल्यावर पायाचा ब्रेक दहा-बारा वेळा दाबा म्हणजे लायनर जागेवर येतात, मग हँडब्रेकही तितक्याच वेळा जोराने ओढून सोडा, कारण नवी केबल सुरुवातीला किंचित ताणते. त्यानंतरच नट आवळत जा. लिव्हर पूर्ण खाली असताना दोन्ही चाके हाताने मोकळी फिरली पाहिजेत. ही पहिली अट, आणि ती मोडून घट्टपणा मिळवू नये. एक-दोन खटक्यांना किंचित घासल्याचा आवाज यावा, आणि लहान गाड्यांत साधारण पाच ते आठ खटक्यांच्या आत दोन्ही चाके सारखीच जाम व्हावीत. नेमका आकडा आपल्या पुस्तिकेत पाहावा.

प्रतिसाद:

मी गोव्यातल्या डिचोलीहून लिहितो आहे. आमच्याकडचा पाऊस तुमच्यासारखाच. केबल ओवताना जुनीच वाट ठेवा, क्लॅम्प एकही गाळू नका आणि सायलेन्सरला ती कुठे टेकत नाही ना ते पाहा. चाके लोंबकळत असताना केबल ताठ होते का हेही हाताने चाचपून पाहा. केबल गाडीच्या तळातून आत शिरते तिथले रबर नीट बसले नाही, तर पावसाळ्यात गालिचाखाली पाणी साचते. मला ते दुर्गंधी सुटल्यावर कळले. आणखी एक सांगावेसे वाटते. पावसात भिजून आलेली गाडी हँडब्रेक ओढून दोन-तीन दिवस उभी ठेवली, तर लायनर गंजाने ड्रमला चिकटतो. अशा वेळी सपाट जागी गिअर आणि चाकामागचा ठोकळा पुरे.

मूळ लेखिकेचे उत्तर:

सर्वांचे मनापासून आभार. काम काल पूर्ण झाले, आणि दुसऱ्या प्रतिसादातला अंदाज बरोबर निघाला, म्हणून तपशिलाने लिहिते.

टोपीखाली मोठा नटच होता, त्यामुळे दोन नवे नट आणावे लागले. उजवा ड्रम सहज निघाला. डाव्यासाठी बोल्ट पिळण्याची युक्ती वापरली आणि जवळजवळ अर्धा तास थोडे थोडे करीत गेले. आत पाहिल्यावर कळले की डावा लायनर उजव्याच्या अर्ध्याहून कमी उरला आहे आणि आपोआप जुळवणारी दातेरी पट्टी गंजून एका जागी घट्ट बसली आहे. मी केवळ केबल बदलली असती, तर लिव्हर काही आठवड्यांत पुन्हा वर आला असता आणि नवी केबलच खराब निघाली असे मी समजले असते. काम तिथेच थांबवून दोन्ही बाजूंचे लायनर आणि स्प्रिंगांचा संच आणला, दातेरी पट्टी साफ करून ती हाताने मोकळी हलते याची खात्री केली आणि मगच पुढे गेले. ड्रमवर खोल चरे नव्हते.

रिंग पान्याची युक्ती उजवीकडे पहिल्याच प्रयत्नात साधली. डावीकडे क्लिप गंजून बॅकप्लेटला इतकी चिकटली होती की आधी गंज सुटण्याचे द्रावण चिंध्यांच्या आडोशाने, लायनरवर थेंबही जाऊ न देता, तिथे लावून रात्रभर ठेवावे लागले. जुनी केबल काढल्यावर मी तिचे आवरण कापून पाहिले. उजवीतले पाणी फाटलेल्या जागेतून शिरले होते, हे उघडच आहे. पण वरून धड दिसणाऱ्या डावीतही बॅकप्लेटजवळच्या खोलगट वळणात लाल चिखल साचलेला होता. माझ्याप्रमाणे कोणी केवळ आवरण पाहून केबल चांगली आहे असे ठरवणार असेल, तर टोक सोडवून ओढून पाहिल्याशिवाय तसे ठरवू नये.

आता लिव्हर सहाव्या खटक्याला घट्ट होतो, पहिल्या खटक्याला डॅशबोर्डवरचा दिवा लागतो, खाली सोडल्यावर दोन्ही चाके सारखी मोकळी फिरतात. अंगणातल्या उतारावर, मागे चिरे अर्धा हात दूर ठेवून आणि गिअर काढून तासभर पाहिले. गाडी तसूभरही सरकली नाही. फेरफटक्यानंतर दोन्ही ड्रमची ऊब सारखी होती.

एक शंका उरली आहे. आज सकाळी मोजले तेव्हा लिव्हर सातव्या खटक्याला गेला. हे केबलचे सुरुवातीचे ताणणे समजावे की मी काही चुकले?

प्रतिसाद:

एक खटका वाढणे साहजिक आहे, ताई. नट लगेच आवळू नका. आठवडाभर नेहमीसारखी गाडी वापरा, म्हणजे नवे लायनर ड्रमला बसतील. त्यानंतर मागची चाके पुन्हा उचलून ती मोकळी फिरतात हे आधी पाहा आणि मग हवा तर नट अर्धा आटा फिरवा. आठव्याच्या पुढे जाऊ लागला, तर मात्र नटाला हात न लावता आधी तो डावा ड्रम काढून दातेरी पट्टी सरकते आहे का ते तपासा. तोवर चिरे असू द्या.