मालिकेतली पस्तिशीची माणसं सकाळी अकराला घरी कशी असतात?

वाघबीळची_रेवती

मी ३६ वर्षांची, घोडबंदर रोडला वाघबीळला राहते. माझी नोकरी ऐरोलीला, नवऱ्याची अंधेरीला, मुलगी सीनिअर केजीत. आई सध्या आमच्याकडेच असते आणि साडेसात वाजले की टीव्ही तिचा. मी पोळ्या करता करता ऐकते, सुट्टीच्या दिवशी तिच्याशेजारी बसून बघतेही. मालिकांना नावं ठेवायला हा धागा काढलेला नाही, मला मालिका मनापासून आवडतात. म्हणूनच एक गोष्ट फार खुपते.

मालिकेतल्या तिशी-पस्तिशीच्या माणसांना वेळ कमी पडतोय असं कधी होतच नाही. कामाच्या दिवशी सकाळी अकराला दोन भाऊ, दोन जावा, सासू-सासरे आणि कंपनीचा मालक असलेला नायक, सगळे हॉलमध्ये उभे. कुणाची गाडी चुकत नाही, कुणाची रजा संपत नाही. ऑफिस दाखवलंच तर केबिन दाखवतात आणि त्या केबिनमध्येही घरचंच भांडण.

आमच्या वयातलं सगळं नाट्य तर वेळेतच आहे. संध्याकाळचं सांगते. आईला पार्किन्सन्स आहे, त्यामुळे नातीला एकटीने सांभाळणं तिला जमत नाही, म्हणून मुलगी पाळणाघरात. ते सातला बंद होतं. आईजवळ दिवसभर असणाऱ्या मावशी साडेसहाला निघतात. आईची संध्याकाळची गोळी वेळेवर गेली पाहिजे, उशीर झाला की हात जास्त थरथरतात आणि कपसुद्धा धरवत नाही. मी ट्रान्स-हार्बर लोकलने ठाण्याला उतरून बस पकडते. माजिवड्यापर्यंत बरी चालते, पुढे कापूरबावडीला एकदा थांबली की थांबली. नवरा त्या बाजूने येत असतो, तो गायमुखच्या चढावर अडकलेला. मग फोन. "कुठे पोचलास?" "फाउंटन मागे टाकलं." "म्हणजे मीच आधी." दिवसभरातलं आमचं निम्मं बोलणं हेच असतं.

सातला दहा कमी असताना पाळणाघराच्या काकूंना फोन करते. काकू फार चांगल्या आहेत, पण त्यांचंही घर आहे, मागे कुकरची शिट्टी ऐकू येते. "या हो, सावकाश या," म्हणतात. त्यातलं 'सावकाश' दिवसेंदिवस आखूड होत चाललंय ते मला कळतं. मग मुलगी फोनवर येते आणि विचारते, "आज पण मीच शेवटची का?"

हे कोणत्या मालिकेत बघितलंय का तुम्ही? 'माझी तुझी रेशीमगाठ' (२०२१) सुरू झाली तेव्हा मला फार आशा वाटली होती. एकटी आई, नोकरी, लहान परी, महिन्याचा हिशोब. नेहा ऑफिसातून धावत घरी यायची तेव्हा मी हातातली पोळी तशीच ठेवून बघत उभी राहायची. पुढे तिचं लग्न यशशी झालं, ती श्रीमंतांच्या घरात गेली आणि हिशोब संपला. प्रेमाबद्दल माझी तक्रार नाही. पण पैसा आला की वेळेचा प्रश्न मिटतो, हे पटत नाही.

कुणाला अशी एखादी मालिका किंवा वेब सिरीज आठवत असेल तर सांगा.

सहायक_दिग्दर्शक_बदलापूर

रेवतीताई, मी घोडबंदर रोडवरच्याच सेटवर काही वर्षं काम केलं आहे. तुमच्या घरापासून रिक्षाच्या अंतरावर. त्यामुळे सकाळच्या अकराचं उत्तर मला देता येईल.

रोज एक भाग द्यायचा असतो. अर्ध्या तासाच्या भागात जाहिराती वगळून साधारण २२ मिनिटांचं चित्रीकरण लागतं. सेटवर हॉल, स्वयंपाकघर, दोन बेडरूम, अंगण एवढंच उभं केलेलं असतं. हॉलचं लायटिंग झालं की त्या दिवशी हॉलचे सगळे सीन उरकायचे. स्टेशनवर शूटिंग म्हणजे रेल्वेची परवानगी, भाडं, गर्दी आवरायला माणसं आणि अर्धा दिवस गेला. बँकेत, म्हणजे आधी शूट करून ठेवलेले, दोन-तीन भागच शिल्लक असतील तर कोणता निर्माता हे करेल? शिवाय सगळी पात्रं एका खोलीत असली की एकाच सीनमध्ये सातजणांच्या प्रतिक्रिया घेता येतात. दर गुरुवारी टीआरपी येतो आणि पुढच्या आठवड्याचा ट्रॅक, म्हणजे कथानक, त्यावर हलतो.

आणखी एक कारण आहे. बऱ्याच कथा दुसऱ्या भाषेतून येतात. 'आई कुठे काय करते' बंगालीतल्या 'श्रीमोयी'वरून आली, तीच गोष्ट हिंदीत 'अनुपमा' झाली. गोष्ट कोलकात्यातही चालली पाहिजे, ठाण्यातही आणि हिंदीतही. मग त्यात कापूरबावडीचा सिग्नल कुठून येणार? घर कुठेही तेच असतं, म्हणून घर उरतं.

आमच्या सेटवरचे बहुतेक जण तुमच्याच वयाचे होते. नऊ ते नऊची शिफ्ट, मग ठाण्याहून बदलापूर. मुलगा झोपलेलाच बघायचो. मालिकेत मात्र आम्ही बाबा संध्याकाळी सहाला घरी आणत होतो.

घणसोली_सेक्टर_नाईन

मी ३८, अविवाहित. रेवतीताईंचा मुद्दा बरोबर आहे, पण त्यांच्या आयुष्याची निदान सुरुवात तरी दिसते पडद्यावर. माझी तीही दिसत नाही. आमच्या वयाचा एकटा माणूस मालिकेत आला की पहिल्याच आठवड्यात कळतं, याचं लग्न लावायचंय.

'बडे अच्छे लगते हैं' २०११ साली आली तेव्हा केवढं कौतुक झालं होतं, तिशी ओलांडलेल्या दोघांची गोष्ट म्हणून. मीही एकही भाग चुकवत नव्हतो. पण राम आणि प्रियाचं लग्न मुळात झालं कशामुळे? त्याच्या बहिणीला तिच्या भावाशी लग्न करायचं होतं म्हणून. मोठ्यांचं आयुष्य धाकट्यांच्या सोयीसाठी मार्गी लावलं.

माझ्या वडिलांची डायलिसिस आठवड्यातून तीनदा असते. ऑफिसात सगळे समजतात मला जबाबदारी नाही, म्हणून उशिराचे कॉल माझ्याकडे. दोन मित्र आहेत, दोघांना मुलं आहेत, भेटायचं तर महिनाभर आधी ठरवावं लागतं आणि त्यातही निम्म्या वेळा रद्द होतं. मैत्री अशी पातळ होत जाते, कुणाचंही भांडण न होता. यावर कुणी पाच भाग केले तरी मी रोज वेळेवर टीव्हीसमोर बसेन.

नौपाड्याची_मावशी

माझं वय ६१. तुम्ही पोरं म्हणता ते अगदी मान्य, पण पूर्वी थोडं वेगळं होतं हेही नोंदवते. 'आभाळमाया' (१९९९) मधली सुधा जोशी कॉलेजात शिकवायची आणि तिचं शिकवणं हा तिच्या आयुष्याचा भाग होता, नुसती ओळख नव्हती. तेव्हा मी स्वतः नोकरी करत होते, दोन मुलं, सासूबाई अंथरुणावर. सुधाकडे बघून वाटायचं, ही दमते, माझ्यासारखी.

रेवती, तुझ्या आईला मालिका बंद करायला सांगू नकोस मात्र. दिवसभर घरात बसून असलेल्या माणसाला तो भरलेला हॉल हवा असतो. आमच्याही घरी आता दोघंच आहोत.

वाघबीळची_रेवती

मावशी, नाही हो, बंद करायचा प्रश्नच नाही. हॉलबद्दल तुम्ही लिहिलंत ते मी असं कधी पाहिलंच नव्हतं. आता आईच्या शेजारी बसताना ते डोक्यात राहील.

घणसोलीकर, वडिलांची काळजी घ्या. उशिराच्या कॉलचं एकदा स्पष्ट बोला ऑफिसात, खरंच.

सहायकदादा, तुमचं खर्चाचं गणित पटलं, पण स्टेशन कशाला हवंय? बस दाखवूच नका. तुमच्याच हॉलमध्ये एक आजी बसली आहे, तिला सांभाळणाऱ्या मावशी चप्पल घालून दारात उभ्या आहेत, त्यांनाही त्यांच्या घरी जायचंय. गोळी टेबलावर आहे, पण आजीच्या हाताला ती पाकिटातून निघत नाही आणि मावशींना आता थांबवायचं तिला अवघड वाटतंय. फोन वाजतो, तो मावशींनी घ्यायचा की नाही? घेतला तर आणखी अर्धा तास थांबावं लागणार हे त्यांना माहीत आहे. सेट तोच, पात्रं दोन, परवानगी कुणाची नको. यात कुणीच वाईट नाही आणि तरी सीन उभा राहतो. तुमच्या ओळखीत कुणी पटकथा लिहिणारे असतील तर हा सीन माझ्याकडून खुशाल द्या, नाव नको.

सहायक_दिग्दर्शक_बदलापूर

देतो. मावशींना मात्र एक घर द्यावं लागेल, त्या कुठे निघाल्यात ते. त्यांचं वय काय धरू?

वाघबीळची_रेवती

चौतीस. कळव्याला राहतात, मुलगा सातवीत आहे.