बॉल पायथनच्या विष्ठेतील पांढरा भाग पिवळट आणि खडबडीत झाला आहे, हे आजाराचे लक्षण समजावे का?

ऐरोलीकर_सेक्टर८ (प्रश्न)

नमस्कार. माझ्याकडे चौदा महिन्यांची बॉल पायथन (अजगराची एक लहान जात) मादी आहे. तिचे वजन ६४० ग्रॅम असून केंद्र सरकारच्या परिवेश संकेतस्थळावर तिची रीतसर नोंद केलेली आहे. दर दहा दिवसांनी गोठवलेला आणि मग कोमट पाण्यात सैल केलेला सुमारे ५० ग्रॅमचा एक उंदीर ती खाते. खाण्याबाबत तिची आजवर कधीच तक्रार नव्हती आणि आजही नाही.

अडचण विष्ठेची आहे. मार्चपर्यंत ती साधारण बारा ते पंधरा दिवसांनी विष्ठा टाकत असे. तपकिरी, घट्ट भाग आणि त्याला लागून श्रीखंडाच्या चक्क्यासारखा मऊ पांढरा गोळा, असे तिचे स्वरूप असे. या वेळी मात्र २६ दिवस लागले. तपकिरी भाग कोरडा व सुपारीसारखा टणक होता आणि पांढरा भाग पिवळा, कडेला जवळजवळ नारिंगी झालेला होता. चिमट्याने दाबला तेव्हा तो खडूसारखा कुस्करला. रक्त किंवा शेंब कुठेही दिसली नाही, पण तपकिरी भागात केस मात्र पुष्कळ होते. यावरून यकृत किंवा मूत्रपिंडाची शंका घ्यावी का, की ही उन्हाळ्याची बाब आहे?

पाचपाखाडीकर

केसांची काळजी सोडून द्या. उंदराचे केस केराटिनचे असतात, ते सापाच्या पोटात पचत नाहीत आणि जसेच्या तसे बाहेर पडतात. हाडे मात्र विरघळून जातात, म्हणून विष्ठेत अख्खी हाडे किंवा न पचलेले मांस दिसले तर तो खरा प्रश्न समजावा.

आपण ज्याला पांढरा भाग म्हणता तो युरेट, म्हणजे सापाच्या लघवीचाच घट्ट अंश. सापाला मूत्राशय नसते. आपले शरीर नायट्रोजनयुक्त कचरा युरियाच्या रूपात पाण्यात विरघळवून टाकते, तर सापाचे शरीर तो युरिक आम्लाच्या रूपात टाकते, जे पाण्यात फारसे विरघळत नाही आणि त्यामुळे ते बाहेर टाकायला पाणी थोडेच खर्च होते. मूत्रपिंडातून आलेला हा लगदा आणि आतड्यातून आलेली विष्ठा, दोन्ही अवस्करातूनच, म्हणजे शेपटीच्या आधी असलेल्या एकाच सामाईक द्वारातून, बाहेर पडतात, पण तत्पूर्वी शेवटच्या टप्प्यात त्यांतले पाणी शरीर पुन्हा शोषून घेते. म्हणून माल आत जितके दिवस थांबतो तितका तो सुकत जातो, आणि जितका सुकतो तितका बाहेर पडायला जड होतो. आपल्याकडे याच दोन गोष्टी एकमेकींना वाढवत आहेत असे दिसते. पिवळट आणि भरड युरेट हे बहुतेक वेळा शरीरात पाणी कमी असल्याचे लक्षण असते, त्यावरून एकदम यकृतापर्यंत जाण्याची गरज नाही.

आता मला तीन गोष्टी सांगा. मार्चनंतर पेटीत काय बदलले? खोलीत एसी लावता का? आणि गरम बाजूचे तापमान आपण नक्की कुठे मोजता?

कळवा_नाका

आमच्याकडे अशा वेळी उंदराच्या तोंडात एरंडेलाचे दोन थेंब सोडतात, पोट लगेच मोकळे होते. करून पाहा.

स्लाइड_आणि_कव्हरस्लिप

एरंडेल कृपा करून देऊ नका. ज्या प्राण्याच्या अंगात आधीच पाणी कमी आहे त्याला रेचक दिले तर उरलेले पाणीही निघून जाईल. पोट मोकळे झाल्याचे समाधान आपल्याला मिळेल आणि भुर्दंड त्याच्या मूत्रपिंडांना पडेल.

मी नेरुळला पशुवैद्यकीय तपासण्यांचे काम करतो, म्हणून नमुन्याविषयी थोडे सविस्तर लिहितो, कारण आमच्याकडे येणारे निम्मे नमुने तपासण्यालायक नसतात. कागदाच्या पुडीत तीन दिवस वाळलेली विष्ठा आणून काही हाती लागत नाही. औषधांच्या दुकानात लघवीच्या तपासणीसाठी झाकणाची डबी मिळते, तिच्यात ताजी विष्ठा आणि युरेट दोन्ही घ्यावेत. जंतांची अंडी पाहायची असतील तर डबी दोन पिशव्यांत बांधून एक दिवस फ्रिजमध्ये ठेवता येते, फ्रीझरमध्ये मात्र नाही. शेपटीसारख्या तंतूने पोहणारे सूक्ष्म एकपेशीय जीव पाहायचे असतील, तर ते थंडीत आणि कोरडेपणात लगेच मरतात, तेव्हा नमुना फ्रिजमध्ये न ठेवता तासा-दोन तासांत पोहोचवावा लागतो. आत काय आहे ते डबीवर ठळक अक्षरांत लिहायला विसरू नका. आमच्या घरी एकदा ते राहून गेले आणि दोन दिवस अबोला सोसावा लागला.

अहवाल वाचतानाही सावध राहा. 'जंतांची अंडी आढळली' एवढे वाचून पुष्कळ लोक घाबरतात, पण उंदरांच्या आतड्यांत सूतकृमी अगदी सर्रास असतात आणि त्यांची अंडी सापाच्या पोटातून न पचता तशीच पुढे सरकतात. उंदराच्या अंगावरचे माइट आणि त्यांची अंडीही अशीच दिसतात. अंडी सापाच्या जंताची की भक्ष्याच्या, हे ओळखता येणाऱ्याकडूनच तपासून घ्यावे, नाहीतर निरोगी सापाला उगाच जंतनाशक दिले जाते.

ऐरोलीकर_सेक्टर८

दोघांचेही आभार. पाचपाखाडीकर दादा, आपल्या प्रश्नांनी मला पेटी पुन्हा उघडायला लावली.

एप्रिलच्या सुरुवातीला वर्तमानपत्राऐवजी मी तीन इंच कोकोपीट घातले. हीट मॅट काचेच्या खाली आहे आणि थर्मोस्टॅटचा प्रोब (तापमान मोजणारे टोक) मॅट व काच यांच्या मध्ये आहे, त्यामुळे पडद्यावर ३२ अंश दिसत राहिले आणि मी निर्धास्त होतो. काल इन्फ्रारेड थर्मामीटरने कोकोपीटचा वरचा थर मोजला तर तो २६ अंश निघाला. शिवाय रात्री एसी २३ वर असतो. खाडीकाठच्या ऐरोलीत हवा कोरडी कशी होईल, असे मला वाटत होते, पण पेटीतला आर्द्रतामापक पहाटे ४२ टक्के दाखवत होता.

पाचपाखाडीकर

मग मूळ सापडले. बॉल पायथनला गरम बाजूला ३१ ते ३३ अंश आणि थंड बाजूला २५ ते २७ अंश लागतात, कारण त्याचे पचन बाहेरून मिळणाऱ्या उष्णतेवरच चालते. तीन इंच कोकोपीट उष्णता वर येऊ देत नाही. उलट साप खोदत खाली काचेपर्यंत गेला तर पोट भाजण्याचाही धोका असतो, आणि हे आपल्या लक्षात आले नसते, कारण पडद्यावर ३२ च दिसत राहिले असते. गरम बाजूचा थर एक सेंटिमीटरच्या आत आणा, दुसरा प्रोब पृष्ठभागावर ठेवा आणि अंग वेटोळून बसता येईल एवढे पाण्याचे भांडे द्या. आर्द्रता ५५ ते ६० टक्क्यांच्या आसपास आणायला भिजवलेल्या स्फॅग्नम मॉसची झाकणाची डबी पुरते. एसीचा झोत पेटीवर पडत असेल तर पेटी हलवा.

२८ ते ३० अंशांच्या पाण्यात, अर्धे अंग बुडेल इतपत, वीस मिनिटे ठेवून पाहता येईल, पण समोरून उठू नका. पोट दाबून माल पुढे सरकवण्याचा प्रयत्न मुळीच करू नये. शेपटीच्या आधी हाताला कठीण गाठ लागत असेल, साप कुंथत असेल किंवा अवस्करातून लाल मांसल भाग बाहेर आलेला दिसला, तर भिजवत बसू नका, त्याच दिवशी सरपटणाऱ्या प्राण्यांचे काम करणाऱ्या डॉक्टरांकडे जा.

खारघर_डोंगर

माझ्याकडे कॉर्न स्नेक आहे, तो खाल्ल्यावर चार-पाच दिवसांत मोकळा होतो. त्या हिशेबाने आपल्या पायथनचे २६ दिवस फार वाटले तरी जातीजातींत खूप फरक असतो. आफ्रिकेतला जाडजूड गॅबून व्हायपर वर्षाहूनही अधिक काळ विष्ठा धरून ठेवल्याच्या नोंदी आहेत. दबा धरून बसणाऱ्या अशा सापाच्या मागच्या भागाचे ते वजन त्याला झेप घेताना आधार देते, असे अभ्यासकांनी सुचवले आहे. त्यामुळे इतरांच्या आकड्यांपेक्षा आपल्याच सापाची जुनी नोंदवही अधिक उपयोगी पडते.

हिरवट युरेटविषयी कुणी लिहिले नाही. दोन-तीन महिने उपाशी असलेल्या सापाचे युरेट पित्तामुळे हिरवट येऊ शकते, पण खाणाऱ्या सापात ते पुन्हा पुन्हा दिसत असेल आणि वजनही उतरत असेल, तर यकृताची तपासणी करून घ्यावी. विष्ठेत शेंब, रक्त, असह्य दुर्गंधी आणि सोबत खाल्लेले ओकणे असेल, तर क्रिप्टोस्पोरिडियम या पचनसंस्थेतल्या सूक्ष्म परजीवीची खास रंगतपासणी मागून घ्या. त्याचे जंतू प्रत्येक वेळी विष्ठेत उतरतातच असे नाही, म्हणून एका नकारात्मक अहवालावर विसंबू नये.

आणखी एक. पाण्याचे भांडे स्वयंपाकघराच्या सिंकमध्ये धुऊ नका. निरोगी दिसणाऱ्या सापाच्या विष्ठेतही साल्मोनेला (माणसाचे पोट बिघडवणारा जिवाणू) असू शकतो, आणि घरात लहान मूल किंवा वृद्ध असतील तर ही शिस्त पाळलीच पाहिजे.

ऐरोलीकर_सेक्टर८ (सतरा दिवसांनी)

थर कमी केला, पेटी एसीच्या झोतातून हलवली, गरम बाजू आता ३१.५ वर स्थिर आहे. मॉसची डबी तिला इतकी आवडली की दिवसभर तिच्यातच असते. दोनदा भिजवले, दोन्ही वेळा पाण्यात काहीच झाले नाही. काल पहाटे मात्र तिने स्वतःहून विष्ठा टाकली. तपकिरी भाग मऊ आहे आणि पांढरा गोळा बोटाएवढा, ओलसर, एका टोकाला किंचित पिवळसर. तासाभरात नमुना डॉक्टरांकडे नेला. अहवालात अंडी आढळली, पण ती उंदराच्या सूतकृमीची असल्याचे त्यांनी सांगितले आणि औषध दिले नाही. नोंदवहीत आता मी तापमानाच्या शेजारी युरेटच्या रंगाचाही रकाना आखला आहे.