माइक ब्रँटला पोपट म्हणणाऱ्यांसाठी

गोदाकाठ: काल इथे कुणीतरी लिहिलं की फ्रेंच गाणी गाणारा इस्रायली गायक माइक ब्रँट म्हणजे फ्रेंच रेकॉर्ड कंपनीने उभा केलेला देखणा पुतळा, भाषा येत नसताना पोपटपंची केली आणि पाच वर्षांत संपला. डोकं फिरलं, म्हणून सविस्तर लिहितोय. 1947 साली सायप्रसमधल्या ब्रिटिशांच्या छावणीत जन्म. आईवडील पोलंडचे ज्यू, आई औश्विट्झच्या नाझी छळछावणीतून वाचलेली. वाढला इस्रायलमधल्या हैफात. तेहरानच्या हॉटेलात गाताना फ्रेंच गायिका सिल्वी वार्तांने ऐकलं आणि पॅरिसचा रस्ता दाखवला. ती स्वतः बल्गेरियात जन्मलेली! ब्रँटला फ्रेंचचा गंध नव्हता. संगीतकार जाँ रनारचं 'लेस-म्वा तेमे' त्याने अक्षर अक्षर घोटलं आणि 1970 मध्ये ते फ्रान्सभर गाजलं. त्यात तो वर चढतो तिथला आवाज ऐका. असा आवाज कुठली कंपनी बनवते?

सातारकर: आवाजाबद्दल वाद नाहीच. पण फ्रेंच गाणारे बाकीचे उपरे बघा: अझनावूर आर्मेनियन आईवडिलांचा, मुस्ताकी इजिप्तमधल्या अलेक्झांड्रियाचा. दोघांनी स्वतःचे शब्द लिहिले. मुस्ताकीने 1969 मध्ये आपल्या उपरेपणावरच गाणं केलं. ब्रँटचं 'की सोरा' तर इटालियन 'के सारा'च्या चालीवरचं.

मीनल, लियाँ: उपरेपणाचा विषय निघालाच आहे तर ऐका. माझं फ्रेंच व्याकरण चोख आहे, तरी इथल्या एका कंपनीत मुलाखतीला तोंडावर सांगितलं, 'तुमचे उच्चार आमच्या ग्राहकांना चालणार नाहीत.' आणि हेच लोक इजिप्तमध्ये जन्मलेल्या गायिका डालिदाच्या घोळवलेल्या 'र'वर जीव टाकतात! गाण्यात परका उच्चार गोड, कचेरीत तोच अडाणी.

देवदत्त: मुलाखतीचा इथे काय संबंध? आणि आपण काय वेगळे आहोत? 'ळ' चुकला की आपणही समोरच्याला हसतोच.

मीनल, लियाँ: हसणं वेगळं, पोटावर पाय देणं वेगळं. तुमच्यावर ती वेळ आली नाही म्हणून सुचतंय हे.

देवदत्त: माझा भाऊ जर्मनीत हेच सोसतोय, मला शिकवू नका.

सातारकर: दोघंही दुसरा धागा काढा, कृपा करा.

शुभदाताई: राहू दे, मुद्दा तोच आहे. मराठी रफींची मातृभाषा नव्हती. श्रीकांत ठाकऱ्यांकडे त्यांनी 'शोधिसी मानवा' गायलं, ते आमच्या घरी आजही रोज सकाळी लागतं. त्यांना पोपट म्हणाल?

सातारकर: रफींना मध्ये आणू नका. बरं, घोटून गाणं हा दोष नाही, एवढं मान्य. पण पाच वर्षांत संपला हे तर खरं ना?

गोदाकाठ: संपला म्हणू नका हो. 1973 च्या अरब-इस्रायल युद्धात इस्रायलला जाऊन सैनिकांसमोर गायला. नोव्हेंबर 1974 मध्ये जिनिव्हात आत्महत्येचा प्रयत्न केला. अशा माणसाला विश्रांती द्यायची, की पुन्हा मायक्रोफोनपुढे उभं करायचं? 25 एप्रिल 1975 ला त्याने जीवन संपवलं. वय 28. मुस्ताकीला 28 व्या वर्षी कितीजण ओळखत होते?

सातारकर: ठीक, तो शब्द मागे. तरी मुस्ताकीच्या पंक्तीला मी त्याला बसवणार नाही.